खोतांचं कुंपण

श्रीकेदारबुवा महाराजांचा मुक्काम त्या चैत्रात कातळवणे गावी, लक्ष्मीनारायणाच्या देवळात होता. डोंगरातल्या झऱ्याचं पाणी तिथे लाकडी पन्हळीने विसाजीपंत खोतांच्या सुपारीच्या बागेतून खाली कुंभारवाडीला जाई. पूर्वापार जात आलं होतं, आणि खोतांचं पोट दुखे ते नेमकं तिथेच!

विसाजीपंत म्हणजे संशयाचं माहेरघर. शेजाऱ्याला पाहून शेपूट हलवतो म्हणून त्यांनी दारचा कुत्रासुद्धा बदलला होता. "आज पन्हळ, उद्या पायवाट, परवा वहिवाट सांगून बागच मागतील!" असं म्हणत त्यांनी एके दिवशी पन्हळ मोडली, सगळं पाणी बागेतल्या नव्या हौदात घेतलं आणि बागेला करवंदीच्या काट्यांचं दाट कुंपण घातलं.

महाराजांची भक्त भागी कुंभारीण कुंपणाबाहेर पदर पसरून उभी राहिली. "खोतानूं, जमीन तुमचीच. फकस्त पानी जाऊ द्या. वाडीतली पोरं तहानलीत."

"तुझ्या बुवाचा यात वाटा किती?" खोत हसले. "त्याला म्हणावं, पन्हळ आभाळातून ने!"

एवढ्याने समाधान होईना, तेव्हा दुपारी ते देवळात येऊन महाराजांवरच उखडले. "तुम्हीच या लोकांना फूस लावता!"

महाराज म्हणाले, "विसाजीपंत, जमीन तुमची, त्यात वाद नाही. पण तहानलेल्यांच्या पाण्याला हातभर वाट दिली, तर तुमची जमीन जाते का?"

"भटाला दिली ओसरी, भट हातपाय पसरी!" खोत स्वतः भट असूनही म्हणाले.

महाराजांनी डोळे मिटले. थोड्या वेळाने त्यांच्या धोतरातून पाणी ठिबकू लागलं. हे काय नवं सोंग, असं खोतांच्या मनात येतंय तोच त्यांचा गडी धापा टाकत आला. "धनी, बाईसाहेब हौदात पडल्या व्हत्या! भागीनं वर काढल्या!"

खोत धावत घरी पोचले. त्यांच्या पत्नी उमाबाई ओल्याचिंब बसल्या होत्या आणि भागी त्यांचं डोकं पुसत होती. बायको जिवंत दिसली, तरी खोतांच्या तोंडून आधी काय यावं? "भागे, तू आत शिरलीस कुठून?"

घराच्या दारातून कुणी आलं नव्हतं; गडी तेव्हा तिथेच बसून होता. मग खोत कुंपणातलं भोक शोधत निघाले. काट्यांत हात घालघालून पाहिलं, हात रक्ताळले, पण मांजर शिरेल एवढीही फट सापडेना. आणि भागीच्या लुगड्याचा एक धागा उसवलेला नव्हता!

"म्हाराज फुडं व्हते," भागी म्हणाली. "काटे बाजूला करीत गेले. हौदात बी तेच आधी उतरले."

महाराज तर त्या वेळी खोतांच्या डोळ्यांसमोर होते! ते ठिबकणारं धोतर त्यांना आठवलं. आता संशय तरी कुणाचा घ्यायचा?

ते देवळात जाऊन महाराजांच्या पायांवर पडले. महाराजांनी पाय मागे घेतले. "आम्ही तर इथेच बसलो होतो. तुमची हद्द ओलांडून आत गेली ती भागी. नमस्कार तिला करा."

खोतांनी स्वतः कोयत्याने काटे तोडले, पन्हळ खांद्यावरून आणून बसवली. "आमचं मानूस पन्हळ दुरुस्तीलाच येईल, ते बी हाक मारून," भागीने आपणहून सांगितलं. पाणी वाडीत उतरलं. सगळ्यांसमोर खोत वाकू लागले, तेव्हा ती बिचारी घाबरून मागे सरली.

"नगा, खोतानूं, नगा!"

पण त्यांचं डोकं तोवर तिच्या पायांशी टेकलं होतं.