थांबलेला ढोल

फार फार मागं, डोंगरांनी वेढलेलं एक गाव होतं. नाव मी सांगणार नाही. सांगितलं तर तुम्ही म्हणाल, हे काही आमचं गाव नव्हे, आणि निवांत झोपाल.

त्या गावाची एक रीत होती. मूल हरवलं की देवळापुढचा ढोल वाजायचा. ढोल वाजतोय तोवर खिंडीतून कुणी बाहेर जायचं नाही, कुणी चूल पेटवायची नाही. सगळ्यांनी रान धुंडाळायचं. मूल मिळालं की ढोल थांबायचा, नाहीतर चोर मिळाला की थांबायचा. कुण्या शहाण्यानं ही रीत घातली, देव जाणे!

एके दिवशी दिवेलागणीला कुंभारणीची सोनकी नाहीशी झाली. ढोल वाजला. लोकांनी ओढे, कपारी, गंजी, सगळं पालथं घातलं. दुसऱ्या दुपारी मात्र पोटात कावळे ओरडायला लागले. तेव्हा एक गुराखी म्हणाला, "काळी घोंगडी पांघरलेला एकजण पोरीला ओढ्याकडं नेताना दिसला होता. तोंड नाही दिसलं."

गावात परका माणूस एकच होता, मणी-बांगड्या विकणारा मणेरी. त्याच्याकडं काळी घोंगडी होती. टोपलीत निळ्या मण्यांची माळ होती आणि सोनकीच्या गळ्यातही निळीच माळ होती. झालं!

"अहो, असल्या माळा मी गावभर विकल्यात. तुमच्याच लेकींच्या गळ्यात बघा की!" मणेरी हात जोडून म्हणाला.

पाटलानं गुराख्याला विचारलं, "हाच का रे तो?"

गुराख्यानं सगळ्यांची भुकेली तोंडं बघितली. "असेल, हाच असेल."

तेवढ्यावर मणेरी कोठडीत गेला. ढोल थांबला, खिंड उघडली, घरोघरी भाकऱ्या थापल्या गेल्या.

कुंभारीण पाटलाच्या दारात जाऊन रडली. "माझी पोर अजून मिळाली नाही, पाटील. ढोल का थांबवला?"

"चोर मिळालाय ना, बाई? आज ना उद्या बोलेलच तो."

मारून मारून त्याची पाठ वाकली, तरी तो बोलला नाही. बोलणार काय, कपाळ! त्याला ठाऊकच काय होतं?

त्याची बायको पायी राजधानीला गेली आणि थोरल्या न्यायाधीशाच्या पायऱ्यांवर बसून राहिली. शेवटी तो म्हातारा न्यायाधीश गावात आला, तेव्हा वर्ष उलटून गेलं होतं.

थंडीचे दिवस होते. न्यायाधीशानं समोर नजर फिरवली. निम्मं गाव काळी घोंगडी पांघरून बसलं होतं. गुराख्याच्या अंगावरही तीच.

मग न्यायाधीशानं मणेऱ्याच्या टोपलीतली ती माळ कुंभारणीच्या हातात दिली. तिनं ती उलटसुलट करून पाहिली. "ही माझ्या सोनकीची नव्हे, सरकार. तिची मी लाल दोऱ्यात ओवली होती."

"मग तेव्हाच का नाही सांगितलंस?"

"मला कुणी दाखवलीच नाही."

न्यायाधीश म्हणाला, "इतकी शंका असताना शिक्षा देता येत नाही. सोडा त्याला."

"मग माझी पोर नेली कुणी?" कुंभारणीनं विचारलं.

मग खिंडीवरचा पहारेकरी मान खाली घालून म्हणाला, "ढोल थांबला त्याच संध्याकाळी गवताची एक गाडी बाहेर गेली होती. आतून मूल रडल्यासारखं वाटलं मला. पण म्हटलं, चोर तर सापडलाय. कशाला अडवायचं?"

मणेरी बायकोच्या खांद्याचा आधार घेत गावाबाहेर पडला. त्याची माफी कुणी मागितली नाही. उलट त्याला बघून बायांनी आपली पोरं घरात ओढली.

कुंभारीण देवळापुढं गेली आणि ढोल बडवायला लागली. लोक मुकाट्यानं बाहेर आले. पण आता शोधायचं कुठं?

गड्यांनो, घ्यायचा तो बोध घ्या: नुसत्या संशयावर एकाला चोर ठरवलं, की खऱ्या चोराला वाट आपणच मोकळी करून देतो.