भिकोबाचा टेम्पो आणि शेवंताबाईचा पाय

बाजाराच्या एका गावात भिकोबा ताटे नावाचा मंडपवाला होता. लग्न असो की बारसं, खांब, कनाती आणि खुर्च्या त्याच्याच टेम्पोतून यायच्या. माणूस मुळातच घाबरट. टेम्पोची हवा तो रोज तपासायचा. दर शनिवारी लिंबू-मिरची बदलायचा. विम्याची मुदत संपायच्या आठ दिवस आधीच नवा विमा काढून मोकळा व्हायचा.

पण ड्रायव्हर ठेवताना ही सगळी काळजी कुठे जायची कोण जाणे! त्या गावाची रीतच तशी होती. देवळामागच्या बोळातून टेम्पो रिव्हर्स घ्यायला सांगायचं. भिंतीला न घासता पारापर्यंत आला की ड्रायव्हर पास. लहानू नावाच्या ड्रायव्हरने एका दमात टेम्पो पाराला आणून लावला. भिकोबाने खूश होऊन किल्ली त्याच्या हातात दिली.

एके दुपारी गिरणीजवळच्या वळणावर त्या टेम्पोने शेवंताबाईला धडक दिली. शेवंताबाई ब्लाऊज शिवून पोट भरणारी एकटी बाई. लहानू पळून गेला नाही. त्याने स्वतःचा पंचा तिच्या पायाला बांधला आणि त्याच टेम्पोतून तिला दवाखान्यात नेलं. पाय वाचला, पण गुडघा पुन्हा वाकेना. तिचं शिलाई मशीन पायाचं होतं. ते बंद पडलं.

भिकोबा धावतपळत दवाखान्यात आला. विमा आहे म्हणून जिवाला थोडा धीर होता. लहानूने खिशातून लायसन काढून दिलं. त्याची मुदत चार वर्षांपूर्वीच संपलेली होती.

"अरे, आधी का नाही बोललास? असल्या लायसनवर विमा कंपनी पैसे भरत नाही!" भिकोबा ओरडला.

"मालक, तुमी कधी इचारलंच न्हाई."

भिकोबाचा मेव्हणा सदू शेजारीच उभा होता. तो हळूच म्हणाला, "दाजी, माझं लायसन चालू हाय. गाडी मीच चालवत हुतो म्हनून सांगतो. कंपनी भरंल सगळं."

भिकोबाने होकाराची मान हलवली. पोलिसांच्या कागदावर सदूचं नाव लागलं आणि लहानूला गप्प बसवलं गेलं.

शेवंताबाईने भरपाईसाठी कोर्टात दावा लावला. तिने सांगितलं ते खरं सांगितलं, गाडी लहानू चालवत होता. कागद म्हणत होते सदू. विमा कंपनीला तेवढंच हवं होतं. बाईचा अपघातच बनावट आहे, असं कंपनीचे वकील म्हणू लागले. तारखांवर तारखा पडल्या. शेवंताबाईच्या दारावरून जाताना चादरीने झाकलेलं मशीन दिसायचं, आणि भिकोबा मान फिरवून पुढे सटकायचा.

एकदा तिने त्याला हाक मारली. "भिकोबाभाऊ, तुमी तरी सांगा की त्यास्नी. मी खोटं बोलते का?"

"घाईत आहे, बाई," एवढं पुटपुटून तो पुढे गेला. स्वतःचीच त्याला शिसारी आली.

पुढच्या तारखेला कंपनीच्या वकिलांनी तिला विचारलं, "बाई, पैशासाठी किती खोटं बोलाल?"

शेवंताबाईने पिशवीतून तो पंचा काढला. धुऊन, घडी घालून ठेवला होता. "साहेब, माझा पाय गेला, डोळं हायेत. ज्यानं ह्यो बांधला त्याला मी इसरंन व्हय?" बोलता बोलता तिला रडू फुटलं.

भिकोबा मनात म्हणाला, खरं बोललो तर टेम्पो जाणार, गप्प बसलो तर ही बाई भर कोर्टात खोटी ठरणार. त्याच्या वकिलांनी सदरा ओढला तरी तो उठलाच.

"साहेब, बाई खरं बोलतीय. गाडी लहानूच चालवत हुता. खोटं मी बोललो."

न्यायाधीशांनी सगळं ऐकून घेतलं. निकाल असा लागला: बाईला तंगवायचं नाही, कंपनीने तिची भरपाई आधी द्यावी, आणि मग ती सगळी रक्कम टेम्पोच्या मालकाकडून वसूल करावी. पोलिसांना खोटं सांगितल्याबद्दल भिकोबा आणि सदू यांच्यावर वेगळा खटला झाला, तो निराळाच.

शेवंताबाईने हाताने बटण दाबून चालवायचं विजेचं मशीन घेतलं. भिकोबाचा टेम्पो वसुलीत गेला. तो दुसऱ्या गावच्या मंडपवाल्याकडे ड्रायव्हर म्हणून काम मागायला गेला.

नवा मालक म्हणाला, "त्या बोळातून वडापर्यंत मागं घेऊन दाखव."

भिकोबाने टेम्पो अलगद वडाखाली आणला. मालकाने किल्ली तुझ्याकडेच ठेव म्हणून खूण केली. भिकोबा खाली उतरला. त्याने किल्ली मालकाच्या हातात परत ठेवली आणि तिच्यावर आपलं लायसन ठेवलं.

"आधी हे वाचा, मालक. तारीख बी वाचा."

मालक हसला. "एवढं कशाला?"

"माझ्याकडनं एवढंच राहिलं हुतं," भिकोबा म्हणाला.

तात्पर्य: किल्ली दुसऱ्याला देता येते, जबाबदारी देता येत नाही, आणि आपली चूक लपवायला गेलं की तिचं ओझं आधीच दुखावलेल्या माणसावर पडतं.