दोन काठांचा कौल

फार फार मागली गोष्ट, बाळांनो. एका राज्यात राजाच्या तोंडून निघेल तोच कायदा असे. राजा हसला तर बक्षीस, रुसला तर फटके. पुढं तो राजा निपुत्रिक गेला, तेव्हा शहाण्या माणसांनी बसून साऱ्या राज्यासाठी नवी घटना लिहिली. ऐकून घेतल्याशिवाय कुणाला शिक्षा नाही, आणि मनातलं बोलणाऱ्याच्या अंगाला हात नाही, अशी तिची सुरुवात होती.

ती घ्यायची की नाही, हे रयतेनं ठरवायचं होतं. कौल द्यायची तिथली रीत अशी, की 'हो' म्हणणाऱ्यांनी नदीच्या उगवतीच्या काठावर उभं राहायचं, 'नाही' म्हणणाऱ्यांनी मावळतीच्या. दिवस बुडताना नगारा वाजला, की जो जिथं असेल तिथं मोजला जाई. पाणी कमरेइतकं. धडधाकट माणसं चालत जात, म्हाताऱ्याकोताऱ्यांना नाव असे.

नावाड्याच्या बापाला जुन्या राजानं न ऐकताच फटके मारवले होते. बाप त्यातच गेला. घटना व्हावी म्हणून नावाड्याचा जीव तुटत होता. उगवतीला गर्दी दाटली होती. सूर्य कलला, तशी पालात राहणारी एक म्हातारी काठी टेकत आली.

"लेकरा, मला पल्याड सोड."

"आजी, पल्याड म्हणजे 'नाही' हो!"

"ठावं हाय. गावात घर आसंल त्यालाच हक्क, आसं लिवलंय त्यात. आमी फिरती मानसं काय आभाळातनं पडलो?"

गावचा मुकादम धावत आला. "ए नावाड्या, चढवू नकोस तिला! तिकडं भर घालतोस होय?"

"मुकादम, बोलणाऱ्याच्या अंगाला हात नाही, असं आपणच मागतोय ना?"

"ते उद्यापासून! आज आधी जिंकू दे."

नावाड्यानं काठाकडं पाहिलं. नगारेवाला टिपरू उचलून उभाच होता. आता पल्याड गेलं, तर परत यायला सवड नव्हती. त्याचा स्वतःचा कौलही 'नाही'त जाणार होता. तरी त्यानं म्हातारीला हात दिला आणि नाव लोटली.

उगवतीच्या काठावरून आलेला पहिला दगड नावेवर आदळला. दुसरा म्हातारीच्या कपाळाला लागला.

रक्त दिसलं, तशी उगवतीची एक लेकुरवाळी पाण्यात उतरली. "आज हे असे, तर उद्या कसे?" म्हणाली. तिच्यामागं तिचा दीर उतरला, मग सगळा कुंभारवाडा, आणि सारी मावळतीच्या काठावर जाऊन उभी राहिली. मुकादम ओरडतच राहिला. तेवढ्यात नगारा वाजला. घटना पडली.

नावाडी वाळूत बसून हुंदके देऊ लागला. म्हातारी पदरानं कपाळ दाबत म्हणाली, "नगं तर मी म्हनत हुते, बाबा. तू का रडतोस?"

"बापासाठी, आजी."

गादीवर राजाचा लांबचा पुतण्या बसला. थोड्याच दिवसांत त्याची मर्जी फिरली आणि मुकादमाला भर चावडीत फटके बसले. "माझं ऐका तरी!" मुकादम कळवळून म्हणाला. पण ऐकायचं बंधन आता कुणावरच नव्हतं.

म्हणून ध्यानात धरा, बाळांनो: जो कायदा आपल्याला हवा, तो आपल्याविरुद्ध उभा राहणाऱ्याला आधी द्यावा.