दिगूने गिटारीचे धडे जगण्यात उतरवले

एका गावात दिगू नावाचा एक भोळा गडी होता. वय लग्नाचं, अक्कल पाळण्यातली.

त्याने मोबाइलवर गिटारीचा क्लास लावला. साधासुधा नव्हे. रागदारीत जॅझ मिसळायचं आणि ऐनवेळी सुचेल ते वाजवायचं, त्याला म्हणे फ्यूजन. व्हिडिओतले सर प्रत्येक धड्याच्या शेवटी हात जोडून सांगत, "हे नुसतं तारांवर नको, जगण्यात उतरवा." दिगूने मनावर घेतलं. गिटार खोक्यातच राहिली, जगणं मात्र सुरू झालं.

पहिला धडा होता, "दुसरा वाजवत असेल तेव्हा आपला हात आवरा. त्याला पुरतं खुलू द्या."

आई गोदाक्का म्हणाली, "दिगू, दुधाकडे बघ रे." दूध खदखदायला लागलं. दिगू हात बांधून बघत बसला. दूध पुरतं खुललं. ओट्यावर आलं, ओट्यावरून मांजराच्या अंगावर.

"पातेलं उतरवायचं नाही का, मेल्या?"

"मध्येच कसा हात घालू? त्याचं चाललं होतं ना!"

गोदाक्काने कपाळाला हात लावला. "बाबा रे, उद्या मुलीकडचे येतायत. एवढी स्थळं मोडली, हे तरी मोडू नकोस. त्यांच्याशी नीट बोल."

बोलायचं म्हटल्यावर दिगूने पुढचा धडा लावला. "समोरच्याची ओळ उचला, जरा वळवून त्यालाच परत द्या."

मुलीचे वडील रंगराव येऊन टेकले. "नाव काय तुझं?"

"नाव काय हो तुमचं?"

"शेती किती?"

"तुमची किती?"

"बरं, व्यसन वगैरे काही?"

"तुम्हाला कधीपासून?"

गोदाक्काने पदराचा बोळा तोंडात कोंबला. पण रंगराव तंबाखूची चंची बाजूला सारून खो-खो हसले. "हजरजबाबी आहे हो पोरगा!" आणि लग्न ठरलं. रंगरावांची पारखही तेवढीच म्हणायची.

लग्नाच्या दिवशी गोदाक्काने बजावलं, "भटजी सांगतील तेवढंच कर." दिगूने मान डोलावली. पण फेटा बांधता बांधता आणखी दोन धडे ऐकले. "मुख्य सुरावर झटकन उतरू नका, फिरून फिरून या." आणि, "चूक झालीच, तर तीच पुन्हा ठासून वाजवा. लोकांना मुद्दाम केल्यासारखी वाटते."

मंगलाष्टकं संपली. अंतरपाट सरला. नवरी वैजयंता मान वाकवून उभी. भटजी म्हणाले, "घाला हार."

दिगू हार घेऊन फिरायला निघाला. बँडवाल्यांपर्यंत गेला, आचाऱ्याला रामराम केला, आणि मागच्या बाजूने बोहल्यावर चढून पुढ्यात आलेल्या गळ्यात हार घातला. तो गळा नवरीच्या पाठीशी उभ्या असलेल्या तिच्या मामाचा.

मामांच्या मिशा थरथरल्या. "डोळे फुटले काय, जावई?"

गोदाक्का कळवळून ओरडली, "चूक झाली हो त्याची, चूक!"

चूक म्हणताच दिगूला धडा आठवला. त्याने वैजयंताच्या हातातला हार ओढला, तोही मामांना घातला. मामा "अरे, अरे" म्हणेस्तोवर तबकातलं मंगळसूत्र उचलून त्यांच्या गळ्यात बांधलं, चांगली गाठ मारून.

वैजयंताने मुंडावळ्या सोडल्या आणि ती तडक वऱ्हाडाच्या गाडीत जाऊन बसली. तिच्या मागे रंगराव, आणि रंगरावांमागे सगळं वऱ्हाड.

दिगूने रिकाम्या होत चाललेल्या मांडवाला हात जोडले. मग आईकडे वळून हसत म्हणाला, "आता म्हणेल का कुणी, चुकून झालं म्हणून?"