पाच खणांपैकी आमचे किती?

"म्हातारा हप्ता भरतो आणि वर पेढेही वाटतो! अरे, आठ वर्षांत मुद्दल फिटलंय एकशे बहात्तर, आणि हा गडी दोन खण आपले झाले म्हणून गेरूने रंगवून बसलाय!"

त्रिंबकशेट सावकार ओटीवर बसून आपल्या कारकुनाच्या कानात खिदळत होते. घरधनी भिवाजी कासार त्यांच्यासाठी पान आणायला आत गेला होता. दाराआड ताकाचा पेला घेऊन उभी असलेली त्याची नवी सून अंबू मात्र शेटजींना दिसली नाही. तिच्या लग्नाला उणेपुरे दोन महिने झाले होते. बोलायची इतकी कमी, की शेजारणी तिला मुकीच समजत.

आठ वर्षांपूर्वी भिवाजीने हे पाच खणांचं घर शेटजींकडून हजार रुपयांना घेतलं होतं. दोन खांबांमधली जागा म्हणजे एक खण. फेड वीस वर्षांची, दर साल एकशे चौतीस रुपये. भिवाजीने बोटांवर हिशेब केला. वीस वर्षांत पाच खण, म्हणजे चार वर्षांत एक! तेव्हापासून दर चौथ्या पाडव्याला तो एका खणाचे खांब गेरूने रंगवी आणि आळीभर पेढे वाटी.

यंदा वळवाच्या गारांनी मागच्या चार खणांवरची कौलं फोडली. म्हणून तर शेटजी आज आले होते.

"भिवाजी, आठ दिवसांत कौलं चढव. घर नीट राखलं नाहीस तर खाली करायचं, कागदातच आहे तसं."

"शेटजी, पैसे कुठून आणू?"

"मी मेलोय का? आणखी दोनशे घे! वीस वर्षं, सालाला फक्त सत्तावीस. दे अंगठा!"

भिवाजीने अंगठा शाईत बुडवला. तेवढ्यात अंबू दाराआडून पुढे आली, तिच्या हातातला पेला कलंडला आणि ताक बरोबर कागदावर सांडलं!

"आंधळी आहेस का गं?" शेटजी ओरडले. "नवा कागद करावा लागणार. आठव्या दिवशी येतो. कौलं नाही तर अंगठा!"

शेटजी गेले. अंबूने पदर खोचला आणि मागच्या खणांतली भांडी, अंथरुणं, बांगड्यांच्या पेट्या भराभर पुढच्या खणात आणून रचल्या.

"अगं बया!" सासूने कपाळाला हात लावला. "वारं लागलं की काय हिला?"

"आत्याबाई, आपलं आहे तेवढ्यातच राहू," अंबू हळूच म्हणाली. "तेही शेजारधर्म म्हणून जरा जास्तच घेतलंय."

पुढचे आठ दिवस आळीची फुकट करमणूक झाली. सासूच्या उशाशी चूल, सासऱ्याच्या पायाशी पेट्या. नवरा रंगनाथ माळ्यावर, आणि तिथे वळायचं तर आधी सगळ्यांना सांगून वळायचं! मागचे चार खण मात्र मोकळे, रोज झाडलेले. ही गंमत संस्थानच्या राजेसाहेबांच्या कानावर गेली आणि आठव्या दिवशी शेटजी आणि वही घेतलेल्या कारकुनाच्या मागोमाग तेही घोड्यावरून दारात हजर झाले.

शेटजी मागच्या खणात पाटावर बसले. वरून ऊन थेट टकलावर!

"महाराज, बघा! कौलं नाहीत, माणसं एका कोपऱ्यात. घराची माती केली यांनी!"

"काय गं पोरी," राजेसाहेब म्हणाले, "चार खण ओस का?"

"महाराज, ते आमचे नाहीत. कारकूनभाऊंना वही वाचायला सांगा."

कारकुनाने शेटजींकडे पाहिलं. मग राजेसाहेबांकडे पाहिलं, आणि मुकाट्याने वाचलं. "भरणा एक हजार बहात्तर. पैकी व्याज नऊशे. मुद्दल एकशे बहात्तर. बाकी आठशे अठ्ठावीस."

"काय?" भिवाजी वहीत डोकावला. "हजाराच्या घरापायी हजारावर दिले, आणि एक खणसुद्धा नाही? मग मी पेढे कशाचे वाटले?"

"शेटजींच्या व्याजाचे, मामंजी. वीस वर्षांत दोन हजार सहाशे ऐंशी भरायचे. म्हणजे आपलं एक घर आणि शेटजींची दीड घरं, वर थोडं राहिलंच." अंबू शेटजींकडे वळली. "घर कोणाचं म्हणता?"

"तुमचंच की! म्हणून तर कौलं तुम्ही चढवायची!"

"आमचं असेल, तर खाली कसं करवता?"

शेटजी गडबडले. "तसं नव्हे... फिटेपर्यंत माझं! एक खण सोडून सगळं माझं! झालं?"

"महाराज, ऐकलंत ना? मग एवढं सांगा, आपल्या बागेतल्या बंगल्याच्या राखणदाराला सालाला काय पडतं?"

"शंभर रुपये. का गं?"

"शेटजींचे चार खण आम्ही आठ वर्षं राखले. झाडले, सारवले, वाळवी काढली, घरपट्टीसुद्धा आम्हीच भरली. पगार मात्र एका सालाचाही मिळाला नाही!"

राजेसाहेब असे हसले की घोडा बिचकला! "आठशे झाले, शेट! घर तुमचं, तर पगारही तुम्हीच द्यायचा. कारकून, बाकीतून वजा कर!"

"उरले अठ्ठावीस," कारकून म्हणाला आणि हसू मिशीत दाबलं.

"ते माझ्याकडून, पोरीला बक्षीस!" राजेसाहेबांनी बटवा काढला. "आणि कौलं आमच्या कोठारातून घेऊन जा."

अंबूने अठ्ठावीस रुपये मोजून शेटजींच्या पुढ्यात ठेवले, पावती पदरात बांधली आणि साऱ्या आळीला ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाली,

"शेटजी, आता उठा बरं! आमच्या घरावर कौलं चढवायचीत!"