नायिकेच्या जागी मेणबत्ती

मनिलातल्या एका प्रकाशनसंस्थेत लिगाया नावाची बाई प्रुफं तपासायची. तिच्या आईने परदेशात नर्सची नोकरी करून चार लेकरं वाढवली होती. म्हणून नामवंत प्रेमकथाकार रामोनसाहेबांच्या नव्या कादंबरीतली फिलिपिनो नायिका वाचताना तिचा जीव विटला. तिने समासात लिहून टाकलं, "नायिका जिवंत वाटत नाही."

साहेब तणतणत आले आणि सगळ्यांदेखत गरजले, "आपल्या फिलिपिनो बायका मी तीस पुस्तकांत रंगवल्यात! चूक दाखवा, नाहीतर उद्यापासून कामावर येऊ नका."

लिगायाने पान उघडलं आणि नायिकेच्या नावाऐवजी 'मेणबत्ती' म्हणत मोठ्याने वाचलं, "मेणबत्ती खिडकीत मुकाट वाट पाहत राहिली. परदेशी पाहुणा येताच मेणबत्ती उजळली. त्याने जवळ घेताच ती वितळली, आणि तो निघून जाताच विझली."

सगळे खो खो हसले. लिगाया मात्र हसली नाही. "साहेब, बाई काढून मेणबत्ती ठेवली, तरी तुमची गोष्ट कुठेच अडली नाही. चूक एवढीच आहे."

साहेबांनी ते पान पुन्हा एकदा वाचलं. मग ओशाळून म्हणाले, "उद्या जरा लवकर या, बाई. पहिल्या पानापासून लिहावं लागणार."