वीतभर सांद

खाडीच्या काठी खारवली नावाचे गाव आहे. तिथल्या वडाखाली जेठनाथ महाराज बारा वर्षे राहिले, केवढी ही त्या गावाची पुण्याई!

गावात महाराजांचे भक्त केसोबा मेस्त होड्या बांधत. त्यांची नऊ वर्षांची नात तापी रोज महाराजांच्या पायाशी फुले ठेवी आणि मग आजोबांच्या हाताखाली फळ्यांमधल्या सांदी भरी. तेलात भिजवलेला कापूस ठोकून बसवायचा, वरून राळ फासायची. मेस्तांच्या घरची रीत अशी, की ज्याने सांदी भरल्या त्याने नव्या होडीच्या पहिल्या फेरीला आत बसायचे.

त्या वर्षीची होडी अंतोबा खोतांची होती. तापीला पाहून ते हसले. पोरीच्या कामावर आणि म्हाताऱ्याच्या भक्तीवर होडी तरणार असेल तर आपण आधी पोहायला शिकलेले बरे, असे म्हणाले. थेंबभर पाणी आत आले तर गावचे काम दुसऱ्या सुताराला देऊ, हेही बजावले.

होडीच्या पहिल्या फेरीला, पलीकडच्या देवीच्या जत्रेला, खोत मुलाबाळांसह निघाले; वल्ह्यावर केसोबा होते आणि रीतीप्रमाणे तापीही आत बसली. भर खाडीत तापीची नजर शेवटच्या फळीखाली गेली. तिथली वीतभर सांद तिने भरलीच नव्हती. काल खेळायला पळायच्या घाईत तिने नुसती राळ फासली होती. आता राळ सुटून फट उघडी पडली होती. बोलावे तर आजोबांचे काम जाणार. पण समोर खोतांचे तान्हे मूल आईच्या मांडीवर झोपले होते.

"आज्या," ती म्हणाली, "ही सांद माज्याकडून भरूची रवली. वरून राळ लावून मी तुका फसवलंय."

खोत भडकले. केसोबांनी वल्हे सोडले नाही. डोक्याचे मुंडासे काढून त्यांनी नातीकडे टाकले. "तुजा काम आसा. तूच भर."

तापी रडत रडत चिंध्या फाडून ठोकू लागली. तेव्हा कुठे खोतांच्या ध्यानात आले, की होडीत पाणी नाहीच. त्यांनी फटीत बोट घातले. बोटाला लागली ती माणसाची ऊबदार पाठ!

गावी परतताच ते वडाकडे धावले. महाराज ओलेचिंब बसले होते आणि त्यांच्या पाठीवर वीतभर लाल वळ उठला होता. खोतांनी त्यांच्या पायांवर डोके ठेवले.

महाराज म्हणाले, "पाणी अडवणे सोपे होते, खोत. त्या पोरीने तोंड उघडले, ते कठीण." मग हसून म्हणाले, "पण तिला सांगा, पुढच्या होडीला माझी पाठ मिळायची नाही. म्हातारा झालो आता."

खोत उठले आणि साऱ्या गावादेखत केसोबांपुढे वाकले. तापीला शोधू लागले, तर ती केव्हाच होडीत उतरून एकेक सांद नखाने तपासत बसली होती.